मधुताईने धुतलेला कोट

मिल्टन कीन्स,
रविवार, १२ एप्रिल २०२६

मधुताई,

गुरुवार, २ एप्रिल, सकाळी दहा वाजून वीस मिनिटं. साठ डिग्री, कॉटन. ही वेळ मला माझ्या वॉशिंग मशीनने फोनवर कळवली. तुझ्या नकुलने ते फोनला जोडून दिलं होतं, त्याचा हा एवढाच उपयोग झाला. मी बाहेर होते; मला वाटलं, घरी तू चादरी धुतेयस.

नमस्कार करते, वाकून नाही. तुझा गुडघा बरा असेल. नकुलच्या सियाची ड्रायव्हिंग टेस्ट झाली का?

आता मुद्द्याचं. तो कोट कुणाचा, हे विचारावंसं तुला इतक्या वर्षांत वाटलं नाही, म्हणून सांगते. आमच्या अंतराळातल्या टीव्ही मालिकेत एक इंजिनियर बाई होती. तिचं यान बंद पडतं, सोबतचे सगळे मरतात आणि ती अनेक वर्षं एकटी राहते. त्या वर्षांबद्दल संहितेत एकही वाक्य नव्हतं. जे सांगायचं ते कोटाने सांगायचं होतं. एकाच कापडाचे तीन कोट शिवून घेतले: एक कोरा, एक वापरलेला आणि हा तिसरा. पहिले दोन चित्रीकरणात जळाले. तिसऱ्यावर मी किसणी चालवली, त्याला चहात उकळलं, कोपरं काचकागदाने झिजवली. उजव्या कोपराला भोक पाडलं, कारण ती त्या बाजूने भिंतीला टेकून झोपायची. तुटलेल्या बटणाच्या जागी तांब्याची तार पिळली, कारण तिच्याकडचा दोरा संपला होता. आमच्या धंद्यात याला ब्रेकडाउन म्हणतात. तू त्याला घाण म्हणालीस.

मी घरी आले तेव्हा कोट इस्त्री होऊन हॉलमध्ये टांगलेला होता. चारही बटणं एकसारखी.

“बघ, ओळखू येतोय का?” तू म्हणालीस.

“ताई, तो म्युझियममध्ये जायचाय.”

“म्हणूनच तर! एवढी माणसं बघणार. म्हणतील, हिला रफू करून द्यायला कोणी नाही का?”

“तेच म्हणायला हवं होतं त्यांनी!”

“शिंगवाल्यांचे कपडे शिवून शिवून डोकं फिरलंय तुझं, कुमुद.”

मग मी बरंच काही बोलले, तू बॅग भरलीस, आणि तेव्हापासून माझा फोन घेत नाहीस.

मालिकेतले परग्रहवासी म्हणजे शिंगवाले म्हणे! हॅरोच्या तुमच्या भिशीत तू अजून सांगतेस, “आमची कुमुद टीव्हीत शिवणकाम करते.” शिवायला माझ्या हाताखाली सहा जणी होत्या. मी माणूस वाचायचे आणि त्याच्या अंगावर काय असेल ते ठरवायचे. सत्तावीस तारखेला म्युझियमची गाडी कोट न्यायला येईल. काचेच्या कपाटाखाली पहिल्यांदाच माझं नाव लागणार आहे, आणि वर काय? नुकत्याच नोकरीला लागलेल्या पोराचा कोट.

एक मात्र कबूल करते. बेळगावच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर अ‍ॅग्नेस तुझं रफू खिडकीच्या उजेडात धरून सगळ्या वर्गाला दाखवायच्या, माझं थेट टोपलीत टाकायच्या. त्यांनी हे कोपर पाहायला हवं होतं. मी भिंग लावून शोधलं. तुझा धागा कुठे सुरू होतो ते मला सापडत नाही.

स्टुडिओतली ऋचा म्हणते, “आँटी, द्या इकडे, मशीनवर तासाभरात फाडून देते.” देईलही. फाटलेला दिसेल, झिजलेला दिसणार नाही.

मग तूच का उसवत नाहीस, असं विचारशील. उसवायला घेतलं होतं. पातं कापडाऐवजी अंगठ्यात शिरलं. हात थांबत नाही, ताई. उजवा हात. त्या गुरुवारी मी तुला सांगितलं तशी डोळे तपासायला गेले नव्हते. न्यूरॉलॉजिस्टने पार्किन्सन्स म्हणून सांगितलं, फार सभ्यपणे, आणि एक माहितीपत्रक दिलं. नंतर मी दुपार सरेपर्यंत शॉपिंग सेंटरच्या बाकावर बसून होते. घरी ताई चादरी धुतेय, या विचाराने जरा बरं वाटत होतं. आले की तुला सांगायचं, असं ठरवलंही होतं. दार उघडलं, समोर कोट दिसला, आणि ओरडायला काहीतरी सापडलं.

हे पत्रही फोनला तोंडी सांगून लिहिलंय. नकुलला यातलं काही बोलू नकोस. तो काळजीने दहा लिंक पाठवेल, आणि मला त्या वाचायच्या नाहीत.

तर माझी मागणी अशी. तू इथे यायचं. माझ्या टेबलाशी बसून तुझं रफू तूच उसवायचं, आणि मी दाखवीन तिथे, मी सांगेन तेवढी किसणी चालवायची. धडधाकट कापड बिघडवताना तुझा जीव कासावीस होईल. होऊ दे. मी शेजारी बसेन, चुकलीस की बोलेन, न चुकलीस तरी बोलेन. काम दोन दिवसांचं आहे. त्यानंतर किती दिवस राहायचं, ते मी विचारत नाही. खोली तीच आहे.

शनिवार, १८ एप्रिल, दुपारी बाराच्या आत मला लेखी उत्तर हवं. व्हॉट्सअ‍ॅपवरची फुलं चालणार नाहीत, नकुलकडून निरोप चालणार नाही. कुठल्या ट्रेनने येतेस, एवढं एक वाक्य पुरे. आणि येणार नसशील, तर तेही तुझ्या अक्षरात लिहून पाठव. तू गप्प राहिलीस म्हणून मी आपलं आपण समजून घेणार नाही.

तुझी, दुसऱ्या कुणाची नाही म्हणून तुझीच,
कुमुद