दाखल्यावरचं नाव

आये, सून परत आली. काल दुपारी पोरानं तिला विमानतळावरून आणलं, आणि आज दिवस डोक्यावर आला तरी ती आतल्या खोलीत पालथी झोपली आहे, तोंड उघडं टाकून. तू असतीस तर म्हणाली असतीस, "निजू दे गं, लांबनं आलीया." म्हणून निजू दिलंय. मी चुलीपाशी पाटावर बसून हे लिहिते आहे. तुला वाचता येत नव्हतं, आणि तुला जाऊनही वीसेक वर्षं झाली, तेव्हा कागद कुठं धाडायचा हा प्रश्नच नाही. पण गेले तीन महिने जे पोटात घेऊन हिंडले ते आज उतरलं, आणि सांगायला दुसरं माणूस नाही.

तुला ही सून ठाऊक नाही. ती रशियाची. लोणावळ्यात योग शिकायला आली होती. पोरगा हॉटेलची गाडी चालवायचा, तो तिला आमच्या गावाजवळची बेडशाची लेणी दाखवायला घेऊन आला. लेणी राहिली बाजूला, बाई आमच्याच पडवीत बसून चहा प्यायली. पुढचं काय सांगू! वर्षभरात पुण्याच्या कचेरीत सह्या झाल्या आणि आमच्या दारात मांडव पडला. मांडवात मी रिवाजाप्रमाणे ताटात तांदूळ पसरले, पोराच्या हातात अंगठी दिली आणि मी निवडलेलं नाव त्याच्याकडून लिहून घेतलं. तिचं नाव कुणाच्या तोंडात बसत नव्हतं हे खरं, पण तिच्या घरी तिला दोन अक्षरी लाडाचं नाव होतं, ते मला सहज म्हणता आलं असतं. ते मी विचारलंच नाही. ती हसली, पेढा खाल्ला, आणि दुसऱ्या दिवसापासून सगळं गाव तिला नव्या नावानं हाक मारायला लागलं. ती ओ द्यायला शिकली. मराठीही शिकली, पण आमची, गावची. पुण्याच्या बायकांपुढं "मला हितं लय आवाडतं" म्हणते तेव्हा पोरगा लाजतो, मी नाही लाजत.

त्या तांदळाच्या ताटापाशी तुझी आठवण झाली होती, खोटं कशाला बोलू. मी आठ-नऊ वर्षांची आहे, खंडाळ्याच्या बंगल्याच्या मागच्या दाराशी तू चादरी पिळते आहेस. आतून बाईसाहेब हाक मारतात, नाव भलत्याच बाईचं, आणि तू "आले" म्हणून पदराला हात पुसत जातेस. तू परत आल्यावर मी विचारते, आये, ते कुणाचं नाव? "माज्या आदी कामाला हुती तिचं. त्यान्ला नवं नाव कुटं ध्येनात ऱ्हायाचं." एवढं बोलून तू पुढची चादर उचलतेस. बारा वर्षं तू तिथं काम केलंस आणि बारा वर्षं त्या बाईच्या नावाला ओ दिलीस. मला शाळेत घालताना मात्र मास्तरांना दोनदा माझं नाव लिहायला लावलंस, आधीचं नीट दिसत नाही म्हणून. पुढं अंगणवाडीत मी दुसऱ्यांच्या पोरांची नावं लिहून पोट भरलं, ते त्याच जोरावर.

माझ्या लग्नात तू कडीचा स्टीलचा डबा दिलास. सासरी जाणाऱ्या लेकीच्या भांड्यावर लोक सासरचं नाव घालतात. तू लोणावळ्याच्या भांडीवाल्यापुढं बसून माझं जन्माचं नाव घालून आणलंस. सासरच्या बायका तोंडाला पदर लावून हसल्या. दिवाळीला माहेरी आले तेव्हा मी मोठ्या शहाणपणानं तुला म्हणाले, आये, मला आता जुन्या नावानं हाक मारू नको, पाव्हण्यांसमोर बरं दिसत नाही. तू भाकरी थापता थापता म्हणालीस, "तुजं नाव मी ठिवलंय. त्यान्ला काय बोलवायचं ते बोलवू दे. माज्या दारात न्हाई चालायचं." मी रुसले. परत आल्यावर डबा माळ्यावर टाकला, नाव भिंतीकडं करून. तो तिथंच राहिला.

आता सुनेचं ऐक. तिची धाकटी बहीण इटलीत असते. तिला दिवस गेले, पहिलटकरीण, आणि दोघींना आई नाही. सून म्हणाली, "आत्याबाई, महिनाभर जाऊन यीन. तिच्याजवळ कुनीच न्हाई." मी म्हटलं, जा. बाळंतपणाला जाणाऱ्या बाईला कोण अडवणार? पण अडवायला दुनिया बसली होती. तिचा पासपोर्ट रशियाचा. त्यांची लढाई सुरू झाल्यापासून तो पासपोर्ट बघितला की खिडकीवरचं माणूस आधी पासपोर्टाकडं बघतं, मग तिच्याकडं, मग परत पासपोर्टाकडं. इथं राहायचं कार्ड असल्यामुळं तिला व्हिसाचा अर्ज इथूनच करता येत होता, पण कागद किती! लग्नाचा दाखला, बहिणीचं पत्र, तिकीट, विमा. आणि सगळ्याच्या वर एक प्रश्न: तुम्ही महिन्याभरानं परतच याल याचा पुरावा काय?

आये, तो प्रश्न मला नवा नव्हता. मीही मनात तेच विचारत होते. तिकडं तिची रक्ताची बहीण, तिची भाषा, थंड हवा. इथं कोण? मी, पोरगा आणि दोन म्हशी. मी म्हटलं, पुरावा मी आणते. ग्रामपंचायतीत जाऊन रहिवासी दाखला आणला, आणि घराला तिचंही नाव लावलं होतं त्याचा उतारा आणला. पोरगा गडबडीत होता, त्यानं न बघताच कागद फायलीत सारले. पुण्याला व्हिसाच्या खिडकीवरच्या मुलीनं ते शेजारी शेजारी मांडले आणि म्हणाली, "मॅडम, ह्या दोन वेगळ्या बायका आहेत." पासपोर्टावर तिचं नाव, मधे बापाचं. दाखल्यावर आणि उताऱ्यावर आमचं ठेवलेलं नाव, मधे नवऱ्याचं. फाईल परत. पुढची तारीख तीन आठवड्यांनी, आणि बहिणीला नववा लागलेला.

घरी येऊन पोरानं ग्रामसेवक भाऊसाहेबांच्या नावानं शंख केला. भाऊसाहेबांना एवढी अक्कल नको का, पासपोर्ट बघून लिहायला काय झालं होतं! शेजारीपाजारी त्याला साथ द्यायला. सून बहिणीचा फोटो बघत होती. रडली नाही. रडली असती तर मला सोपं गेलं असतं.

मग धावपळ. भाऊसाहेबांनी शिव्या खाऊनही मुकाट्यानं नवा दाखला दिला. वडगावला तहसील कचेरीसमोर वकिलानं प्रतिज्ञापत्र लिहिलं, आणि सासू म्हणून मी सही केली, की ही आणि ती एकच बाई आहे, तिचं नाव लग्नात आम्ही बदललं. तिचं खरं नाव मी तेव्हा पहिल्यांदा माझ्या हातानं लिहिलं. तारखेला मीही पुण्याला गेले. काचेवर तिच्या दहाही बोटांचे ठसे घेतले. पंचायतीत एक अंगठा देताना तू हात पदराखाली लपवायचीस, आणि ही एवढी शिकलेली, तरी दहाच्या दहा देऊन बसली! मला हसू आलं, तिला कारण सांगितलं, तीही हसली.

व्हिसा आला तो पोरानं कामशेतच्या कुरियरवाल्याकडून आणला. तिनं पान उघडून माझ्यापुढं धरलं, जेमतेम महिन्याचा, पण होता. मी सुस्कारा टाकला तो म्हशींनाही ऐकू गेला असेल. मग माळ्यावर चढले, तुझा डबा काढला, चिंचेनं घासला आणि डिंकाचे लाडू भरले. तिनं कोरलेल्या अक्षरांवरून बोट फिरवत विचारलं, "हे कुनाचं नाव?" म्हटलं, माझं. माझ्या आईनं ठेवलेलं. दारातून निघताना मी तिला तिच्या घरच्या नावानं हाक मारली, त्या दोन अक्षरी; वडगावहून येताना ते तिला विचारून घेतलं होतं. ती उंबऱ्यातून परत आली आणि गळ्यात पडली.

मुलगी झाली बहिणीला. दोघी सुखरूप. आणि काल हिनं गाडीतून उतरल्या उतरल्या पिशवीतून तुझा डबा काढून माझ्या हातात दिला. रिकामं भांडं परत द्यायचं नसतं हे तिनं बहिणीलाही शिकवलं, आत वाळवलेली अंजिरं आहेत. मी डबा घेतला आणि मांडणीवर ठेवला, नाव पुढं करून.

आता एकच राहिलं. पहिल्या दाखल्याच्या वेळी भाऊसाहेबांनी मला विचारलं होतं, "मावशी, पासपोर्टवरचं नाव घालू ना?" आणि मी म्हणाले, नको, आमचं घाला. मला वाटलं, आमच्या नावानं गेली तर आमच्याकडंच परत येईल. फाईल परत आली त्या संध्याकाळी सगळे त्यांना शिव्या देत होते, मी चुलीकडं तोंड करून बसले होते, आणि आये, ही आता जात नाही म्हणून मला क्षणभर बरं वाटलं होतं. भाऊसाहेबांनी अजून कुणाला सांगितलेलं नाही. उद्या त्यांना थोडी अंजिरं नेऊन देईन. कशाबद्दल ते सांगायचं धाडस होईलसं वाटत नाही.