भुताला लसूण

बाई, तुम्हाला जाऊन चाळीसेक वर्षं होत आली आणि मला आज तुमच्याशी भांडायचं आहे. चार दिवस झाले, एका जागी बसवत नाही. भात ठेवते आणि विसरते. झाडू घेऊन अंगणात जाते आणि कशाला आले ते आठवत नाही. लेक म्हणते, डॉक्टरकडे चल, प्रेशर बघू. प्रेशर नाही ते. तुम्हाला सगळं कळलं होतं, बाई. पहिल्या दिवसापासून कळलं होतं. मग तोंड उघडून बोलला का नाहीत? एक थोबाडीत दिली असतीत तर तेव्हाच मिटलं असतं. आता मी कोणाशी मिटवू?

झालं ते असं. लेकीची मुलगी सुट्टीला आली आहे. नऊ वर्षांची. कणकवलीला फ्लॅटमध्ये राहते. तिला मैत्रिणी नाहीत. तिची आई म्हणते, आहेत की क्लासला. क्लासला असतात त्या बाजूला बसणाऱ्या मुली, मैत्रिणी नव्हेत, एवढं मला चौथी पासला कळतं. पोरगी आली तशी मोबाईल घेऊन माचावर बसलेली, रक्त पिणाऱ्या भुतांचे सिनेमे बघते, भुतं हिंदी बोलतात. मी म्हटलं, दुसरं काही नाही का गो बघायला? तर म्हणते, "आजी, हे भूत चांगलं आहे. त्या मुलाशी कोणीच खेळत नाही, हे एकटं खेळतं." मी विळीवर बांगडे कापत होते. थोड्या वेळाने विचारते, "आजी, हे लोक खिडकीला लसूण का बांधतात? आपण तर लिंबू-मिरची बांधतो. तुझ्या लहानपणी भुताला लसूण लावायचे?" मी म्हटलं, नाही. आपल्याकडे भुताला लसूण कोणी लावत नाही. नारळ देतात, मीठ-मिरची ओवाळतात, लसूण नाही. हे माझंच बोलणं माझ्या कानावर पडलं आणि हात विळीवर तसाच राहिला. चाळीस वर्षं माझ्या डोक्यात जे आलं नाही ते त्या पोरीने एका प्रश्नात आणून ठेवलं. का ते तुम्हाला ठाऊक आहे. पण मला एकदा पहिल्यापासून नीट लिहून बघायचं आहे.

तेव्हा मी अकरा वर्षांची. बाप गोव्याला ट्रॉलरवर, आई काजूच्या कारखान्यात, म्हणून चौथीनंतर माझी शाळा सुटली. वरचे दोन सुळे ओठांबाहेर आलेले, तोंड मिटलं तरी दिसायचे. वाडीतल्या मुली खळ्यात लगोरी खेळायच्या आणि मी दिसले की सुरू व्हायच्या. "इली बघ सुळेबाय! वायच नारळ सोलून दी गो दातांनी!" मीही काही कमी नव्हते. त्यांतल्या मोठीला म्हटलं, "तुझ्या नाकाच्या भोकात पोफळ मावतली, ता आधी बघ." जीभ माझी तेव्हापासून अशी आहे. पण जिभेने भांडण जिंकता येतं, खेळात घेत नाहीत. मी कुंपणाला टेकून उभी राहायची, आणि चेंडू कुंपणाबाहेर गेला तर आणून द्यायची. तोही त्या हातात घ्यायच्या नाहीत. खाली ठेव म्हणायच्या.

आईने मला दुपारची तुमच्याकडे लावली, शिवण शिकायला. खरं म्हणजे तुम्हाला सुईत दोरा घालायला कोणीतरी हवं होतं. तुमचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं, उजेड सोसत नव्हता. दिवसाढवळ्या खिडक्या बंद, घरातसुद्धा काळा चष्मा, गोरा रंग आणखी फिकट पडलेला. डॉक्टरने ताकदीला म्हणून गोव्याची तांबडी वाईन सांगितली होती, ती तुम्ही चमच्याने औषधासारखी घ्यायचात आणि बाटली कपाटात कुलपात ठेवायचात. तुम्हाला मूलबाळ नाही, नवरा केव्हाच गेलेला, एक भाचा तो बोटीवर. शिवायला येणाऱ्या बायका माप देऊन जायच्या, बसायच्या नाहीत. मीच बसायची. काजं करायला तुम्ही मला शिकवलंत. चुकलं की ब्लेडने सगळा दोरा कापून टाकायचात आणि म्हणायचात, "परत." रागवायचा नाहीत. नुसतं "परत."

भाचा एका सुट्टीत टीव्ही आणि व्हिडिओ ठेवून गेला, बरोबर आठ-दहा कॅसेटी. तुम्हाला बटण सापडेना, मला सापडलं. एका कॅसेटीच्या पुठ्ठ्यावर चर्च, मेणबत्त्या, आणि हातात क्रूस धरलेला पाद्री. तुम्ही तो पुठ्ठा नाकाला लावून बघितलात आणि म्हणालात, "हो सांतांचो, देवमाणसांचो सिनेमा. एकट्यान बघूचो नाय." आणि संध्याकाळी तुमच्याकडे तेर्साची जपमाळ म्हणायला जमणाऱ्या सगळ्या बायकांना बोलावलंत. त्या चटईवर बसल्या आहेत, डोक्यावरून पदर, हातात जपाचे मणी. पडद्यावर थडगं येतं तेव्हा एक म्हातारी हात जोडते. मग थडग्याआडून एक पांढरीफटक मुलगी येते, हसते, आणि सुळे बाहेर. "अगे माझे सायबिणी! हो सांत चावता!" असं ओरडून ती म्हातारी जी उठली, तिच्यामागून सगळ्याच उठल्या. एकीची एक चप्पल पुढे आठवडाभर तुमच्या पायरीवर पडून होती. तुम्ही आधी कपाळाला, छातीला हात लावून घेतलात, आणि मग इतक्या हसलात की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. मी हसले नाही. मी त्या पोरीचे दात बघत होते.

दुसऱ्या दिवशी मीच म्हटलं, बाई, परत लावूया? तुम्ही माझ्याकडे बघितलंत, दार लावलंत आणि म्हणालात, लाव. पुढचा पाऊस लागेपर्यंत आपण तो सिनेमा किती वेळा बघितला ते देवाला माहीत. तुम्ही मुंबईत साहेबाच्या घरी आया होतात, तुम्हाला इंग्रजी कळायचं, तुम्ही मला सगळं सांगायचात. मोठ्या घरात एक मुलगी, आई मेलेली, बाप कामात. तिच्याशी खेळायला येते ती दातवाली. पण दातवाली आपणहून घरात येऊ शकत नाही, आतून कोणी तरी ये म्हणावं लागतं. तेव्हा तुम्ही म्हणालात, "आमच्याकडे आसती तर तिची मजा होती. आमी पावण्याक घालवतानाव 'येवा' म्हणतो." मग मोठ्या माणसांना कळतं आणि ते घराच्या सगळ्या खिडक्यांना लसणीच्या माळा बांधतात, कारण ह्या भुताला लसूण सोसत नाही. आणि ती एकटी मुलगी स्टुलावर चढून आपल्या खिडकीची माळ काढून टाकते. तिथे आलं की तुम्ही काम थांबवायचात. मीही.

माझ्या आयुष्यात पहिल्यांदा मला दुपार व्हावी असं वाटायचं. हे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही. आता सांगून टाकते.

आणि मग मी काय केलं. पाऊस संपला, खळी सारवली, मुली पुन्हा लगोरी मांडून बसल्या. मी कुंपणाला. त्या मोठीने विचारलं, "तू त्या शिवणाच्या बाईकडे दार लावून काय करतंस गो?" मला कोणी काही विचारलं होतं, बाई. सगळ्या माझ्याकडे बघत होत्या. मी म्हटलं, "सांगलंय तर भियाशात." त्या म्हणाल्या, सांग. आणि मी सांगितलं. बाई उन्हात येत नाही, का? उन्हात जळते. डोळे दाखवत नाही, का? तांबडे आहेत. कपाटात बाटली आहे, तिच्यात रगत. "खरांच?" "आवशीची शपथ." "मगे तुका कशी नाय चावली?" हे विचारलं तेव्हा मी ओठ वर केले आणि माझे सुळे दाखवले. म्हटलं, माझ्या वाटेला कोणी जात नाही. एकीने तोंडावर हात घेतला. मोठी म्हणाली, "ये, हय बस." ज्या दातांनी मला कुंपणाबाहेर ठेवलं होतं त्याच दातांनी मला आत घेतलं.

गोष्ट सांगायची म्हणजे पुढचं रोज काहीतरी द्यावं लागतं. मी म्हटलं, अशा भुताला लसूण मारायची. पहिला गड्डा मीच फेकला. आमच्याच घरचा होता. बाकीच्या हात मागे घेत होत्या, मला दाखवायचं होतं. सकाळी माडाच्या आडून फेकला, तुमच्या दारावर आपटला आणि आम्ही पळालो. काय हसलो! मग रोज कोणी ना कोणी आपल्या घरातून उचलून आणायची. आयांना कळलं, कोणी कान पिळले, कोणी पिळले नाहीत. उलट एकीची आई म्हणाली, दारबंद बाई ती, तिचं काय खरं. एक-दोन बायकांनी कपडे परत नेले. मग आणखी दोघींनी.

मी मात्र तुमच्याकडे येतच होते. माझा निलाजरेपणा बघा. सकाळी त्या मुलींत, दुपारी तुमच्या पायऱ्यांवरून फुटलेल्या पाकळ्या ओलांडून आत. एकदा तुम्ही त्या वेचत होतात, वाकून, ओच्यात. मला बघून म्हणालात, "लसूण केवडी म्हाग झाली हा, आणि हे मेले फुकट टाकून जातत. देव बरा करो तेंचा." मी पण हसले. तुम्ही त्याचं माडाच्या व्हिनेगरात लोणचं घातलंत आणि एक बरणी मला घरी दिलीत. आईने ते पेजेबरोबर खाल्लं, म्हणाली काय हात आहे बाईचा. मीही खाल्लं. घशाखाली गेलं हो, अडकलं वगैरे काही नाही.

त्याच दिवसांत कधीतरी मी काज चुकवलं. तुम्ही दोरा कापलात, पण "परत" म्हणाला नाहीत. म्हणालात, "गजाल सांगूक तुका बरी येता. पण अर्धीच सांगतंस." मला वाटलं, सिनेमाबद्दल बोलता आहात. मी मनात म्हटलं, म्हातारीला काय समजतंय.

काम सुटत गेलं. भाचा आला, तुम्हाला गोव्याला घेऊन गेला. गाडी आली तेव्हा मी खळ्यात होते. माझ्यावर राज्य होतं. तुमची हाक ऐकली. दोनदा ऐकली. मुली माझ्याकडे बघत होत्या. मी लगोरीच्या फोडी रचत राहिले. वर्षाच्या आत तुम्ही गेल्याचं कळलं. मी तेव्हा कोणाला काही विचारलं नाही.

आता माझं भांडण ऐका. आपल्या गावात भुताला लसूण लागते हे माहीत होतं कोणाला? तेर्साच्या बायका पहिल्याच सुळ्यांना पळाल्या, त्यांनी लसणीपर्यंत सिनेमा बघितलाच नाही. भाच्याला वेळ नव्हता. अख्ख्या वाडीत फक्त दोघी. तुम्ही आणि मी. म्हणजे पहिला गड्डा तुमच्या दारावर आपटला त्याच क्षणी तुम्हाला कळलं, कोणी फेकला. मी इतकी हुशार समजत होते स्वतःला, आणि गड्ड्यावर माझं नाव लिहून टाकत होते. आणि तुम्ही दुपारी दार उघडत होतात, सुई पुढे करत होतात. रोज. अर्धी गोष्ट म्हणजे कुठली अर्धी, तेही आता कळलं. भूत सगळ्यांना सांगितलं, माळ काढणारी मुलगी सांगितली नाही. कारण ती व्हायचं धाडस माझ्यात नव्हतं.

का बोलला नाहीत? दया आली म्हणू नका, दयेचा मला संताप आहे. मला हाकललीत तर सुईत दोरा कोण घालणार, असं होतं? तसं असेल तर बरं वाटेल. की तुमच्याकडेही दुपारी बोलायला दुसरं कोणी नव्हतं? हे मात्र मला सोसत नाही. चार दिवस मी ह्याच्याभोवती फिरते आहे. तुम्ही मोठ्या, मी लहान, तुम्ही शिकवणाऱ्या, मी शिकणारी, असं धरून मी चाळीस वर्षं काढली. तुम्ही माझ्यासारख्याच कुंपणाला टेकून उभ्या असाल, हे कधी मनात आलं नाही.

हा कागद कुठे टाकायचा नाही. चर्चमधल्या पाद्रींना दिला तर ते वाचतील आणि म्हणतील, माफ झालं. तुमच्या वतीने माफ करणारे ते कोण? लेकीला दिला तर ती रडेल, तिला काय, तिला सीरियल बघूनही रडू येतं. आणि नातीने काल विचारलं, आजी, तुला लहानपणी मैत्रिणी होत्या का? मी म्हटलं, होत्या की, चांगल्या पाच-सहा.

खोटं नाही ते. आणि एवढं सगळं लिहून झाल्यावर तुमच्यापासून काय लपवायचं. तुम्ही आत एकट्या बसून मशीन चालवत होतात आणि मी बाहेर त्या मुलींबरोबर पळत होते, ते चार-पाच महिने माझ्या लहानपणातले सगळ्यांत सुखाचे होते, बाई. वाईट वाटतं, खूप वाटतं. पण ते दिवस परत द्यायला अजूनही माझी तयारी नाही.