गोणपाटाचं देऊळ

मंगळवार, १२ फेब्रुवारी १९५२

आज दिग्दर्शकसाहेबांनी साऱ्या स्टुडिओसमोर माझी लाज काढली. "ह्याला देऊळ म्हणायचं व्हय? गोठा वाटतोय की! उद्या पाडून टाका."

गोणपाट आणि प्लॅस्टरचा सेट, पण महिनाभर खपलोय मी त्यावर! अंगाचा नुसता तिळपापड झाला. मान खाली घातली तर त्यांचे पाय दिसले. अनवाणी! चपला पायरीखाली नीट जोडून ठेवलेल्या. आत मूर्तीसुद्धा बसवलेली नाही अजून. मग चपला कुणासाठी काढल्या?

तिथंच विचारायला हवं होतं.

जाताना उंबऱ्याला हात लावून कपाळाला नेला, मग चपला चढवल्या. आणि म्हणे गोठा!

पाडतो की. पण पहिला घाव त्यांनाच घालायला लावणार. आणि चपला काढू देणार नाही.