परवान्यासाठी चार नावं

१९ मार्च २००४, शुक्रवार

फॉर्म आणला! काउंटी क्लार्कच्या खिडकीत एक म्हातारी बाई होती. तिने आधी मला नीट न्याहाळलं, मग विचारलं, "फुल कॅरी?" म्हटलं, होय. कपड्याखाली, कमरेला लावून फिरायचं लायसन. कारण काय? माझं फार्मसीचं दुकान आहे, महिन्यापूर्वी दरोडा पडला. मग तिचा आवाज मऊ झाला. "ओह, तुमचंच का ते दुकान?" म्हणजे सगळ्या काउंटीला माहीत आहे.

इथे न्यूयॉर्क राज्यात लायसनशिवाय पिस्तूल घरातही ठेवता येत नाही. बोटांचे ठसे, फोटो, कोर्स, चौकशी, आणि शेवटी जज्जची सही. सहा महिने लागतील म्हणाली. शिवाय चार माणसांची नावं हवीत. "याचं चारित्र्य चांगलं आहे" असं लिहून देणारी. नातेवाईक नकोत.

छप्पन्न वर्षांचा झालो, आता चौघांकडून चारित्र्याचं सर्टिफिकेट!

२४ मार्च

शुभाला सांगितलं. ती तांदूळ धूत होती. हात थांबले.

"घरात नको."

"दुकानातच असेल."

"कमरेला लावलेलं दुकानात कसं राहील? घरी येताना कंबर काढून ठेवणार आहात का?"

मी हसलो. ती हसली नाही. रात्री जेवताना एकदम म्हणाली, "पोलिसांनी कॅमेरा लावायला सांगितला होता, तो लावलात का?" नाही लावला. कॅमेरा काय करणार? मी कसा मरतो त्याची फिल्म काढणार.

३ एप्रिल, शनिवार

दोन सह्या झाल्या. पहिली डोनाची. माझी टेक्निशियन, एकवीस वर्षं कामाला आहे, त्या दिवशी ती दुकानातच होती. न वाचता सही केली. दुसरी शेजारच्या वॉल्टरची. तो आर्मीतला. खांद्यावर हात मारून म्हणाला, "अबाउट टाइम." उशीरच केला म्हणे.

प्रसन्नकडे गेलो. नागपूरचा पोरगा, कंप्युटर कंपनीत आहे, महाराष्ट्र मंडळाची कामं धावून करतो. "काका, काय यार! एकदम काउबॉय!" लगेच पत्र टाइप करून दिलं. पण त्याच्या बायकोने मुलाला आतल्या खोलीत नेलं. का?

राहिला हेमचंद्र. डॉक्टर, माझा इथला सगळ्यात जुना मित्र. आम्ही एकाच वर्षी आलो. त्याने फॉर्म हातात धरून ठेवला.

"श्रीराम, झोप लागते का तुला?"

"लागते."

"किती तास?"

"तू सही करणार आहेस की प्रिस्क्रिप्शन लिहिणार आहेस?"

पत्र लिहून दिलं. पण त्याचं ते बघणं मला आवडलं नाही.

११ एप्रिल, रविवार

पोलिसांना सांगितलं नाही, शुभालाही नाही. पानाला सांगायला काय हरकत आहे.

अकरा फेब्रुवारी. तोंडावर रुमाल, हूड ओढलेलं. पेनकिलर मागितल्या, नाव घेऊन, मिलिग्रॅमसकट. मी कपाटाची किल्ली शोधत होतो तर म्हणाला, गुडघ्यावर बस. बसलो. पिस्तूल कानापाशी. बाटल्या पिशवीत भरल्यावर त्याने माझ्या डोक्यावर थोपटलं. दोनदा. "गुड बॉस." कुत्र्याला थोपटतात तसं! मी पांढऱ्या कोटात, गुडघ्यावर. आणि डोनाने ते पाहिलं. ती त्यावर कधीच बोलत नाही, याचाच राग येतो.

गोळी घातली असती तर बरं, असं नाही म्हणत. पण ते थोपटणं जात नाही.

२९ एप्रिल

तोच आहे!!

टॉड. छपरांची कामं करतो. कंबर दुखावली म्हणून त्याच गोळ्या दर महिन्याला घेतो, आईचं इन्सुलिनही नेतो. चार वर्षांचं गिऱ्हाईक. आज पैसे दिले आणि म्हणाला, "थँक्स, बॉस."

तोच आवाज. उंचीही तेवढीच. त्याला गोळ्यांची नावं माहीत, कपाट कुठे आहे माहीत, बुधवारी दुपारी दुकान रिकामं असतं हेही माहीत. आणि दरोड्यानंतर पहिल्यांदा आला तेव्हा माझ्याकडे बघून म्हणाला होता, "तुम्ही ठीक आहात ना?" कोण विचारतं असं? ज्याला माहीत आहे तोच.

डिटेक्टिव्हला फोन केला. "'बॉस' अर्धं गाव म्हणतं, सर." नोंद घेतो म्हणाला. काय घेतोय!

कंप्युटरमधून त्याचा पत्ता काढला. पेशंटची माहिती अशी वापरणं बेकायदा आहे. ठाऊक आहे मला.

१५ मे, शनिवार

कोर्स. रॉड अँड गन क्लबच्या हॉलमध्ये आम्ही अठरा जण, मी एकटा देशी. शिकवणारा रिटायर्ड पोलीस होता. "ज्या दिवशी हे कमरेला लावाल त्या दिवसापासून तुमचं भांडण बंद. गाडीचा हॉर्नसुद्धा वाजवायचा नाही. कुणी शिवी दिली तर सॉरी म्हणून निघून जायचं." सगळे माना डोलावत होते. मग उपयोग काय त्याचा?

त्याने विचारलं, "इथे कुणाच्या डोक्यात एखादा विशिष्ट माणूस आहे का? असेल तर आत्ताच घरी जा." लोक हसले. मीही हसलो.

सर्टिफिकेट मिळालं.

२७ मे

६.१०. लॉन कापत होता. पाठ माझ्याकडे. गाडी त्याच्या घरासमोर लावली होती, तिथून चाळीस फूट असेल. रस्त्यावर दुसरं कुणी नाही. नुसती काच खाली करायची की झालं. एकदा त्याला गुडघ्यावर बसवायचं आहे. मग पुढचं पुढे.

३ जून

६.०५ ते ६.४०. ट्रक नवीन घेतलाय! सेकंडहँड, पण नवीनच. छपरं दुरुस्त करून ट्रक येतो का? नंबर लिहून घेतला.

घरी शुभा: "आजही उशीर?" म्हटलं, इन्व्हेंटरी, दुकानातला माल मोजत होतो.

२२ जून

चौकशी सुरू झाली. शेरिफच्या ऑफिसातला माणूस प्रत्येकाला फोन करतोय. डोनाशी पाच मिनिटं बोलला, वॉल्टरशी दोन. हेमचंद्रशी वीस मिनिटं! वीस मिनिटं काय बोलत होता? विचारलं तर म्हणतो, "जे खरं ते सांगितलं."

जे खरं ते म्हणजे काय?

१४ जुलै

चौकशी ऑफिसर घरी आला. मर्फी नावाचा, पन्नाशीचा, घामाघूम. पिस्तुलाची तिजोरी कुठे बसवणार ते बघितलं. घरात लहान मुलं? नाहीत, एकच मुलगी, बोस्टनला असते. दारू? नाही. नैराश्यावर औषधं? स्वतः विकतो, घेत नाही! त्याला हसू आलं.

मग म्हणाला, मिसेसशी एकटं बोलायला लागेल. स्वयंपाकघरात दहा मिनिटं. नंतर शुभाला विचारलं, काय म्हणाला? "चहात काय काय घालता, विचारत होता."

दहा मिनिटं चहा?

९ ऑगस्ट

काही कळत नाही. मर्फी म्हणतो, फाइल जज्जकडे गेली. आश्लेषाचा फोन. "बाबा, आर यू सीरियस? अ गन?" तिला कुणी सांगितलं? आई म्हणे. आणखी कुणाकुणाला सांगितलं आहे?

डोनाने सुट्टी मागितली. दोन आठवडे. आजवर कधी मागितली नव्हती.

टॉडच्या घरासमोरून दोनदा गेलो. ट्रक नव्हता. थांबलो तरीही.

७ सप्टेंबर, मंगळवार

कोर्टाचं पत्र! "आपल्या अर्जावर आक्षेप आला आहे." तेवीस तारखेला जज्जसमोर हजर व्हा.

आक्षेप! कुणाचा? लिहिलेलं नाही. म्हणजे चौघांतला एक. समोर सही, पाठीमागून पत्र. वॉल्टर नाही, तो तोंडावर बोलतो. प्रसन्न? त्याची बायको? डोना—ती घाबरट आहे, पण लिहिणार नाही.

हेमचंद्र. वीस मिनिटं.

१८ सप्टेंबर, शनिवार

गणपती. शाळेच्या जिममध्ये, बास्केटबॉलच्या कोर्टवर मखर. आरती संपली तसा हेमचंद्रला प्रसादाच्या टेबलापाशी गाठलं.

"पत्र तू लिहिलंस?"

"कसलं पत्र?"

"तीस वर्षांची मैत्री, आणि माझ्या पाठीत—"

लोक वळून बघायला लागले. प्रसन्न मध्ये आला. "काका, बाहेर बोलू या ना." त्याचा हात झटकला. मोदकांचं ताट पडलं. लहान मुलं गोळा करायला धावली.

हेमचंद्र हळूच म्हणाला, "मी तुझ्याबद्दल चांगलंच लिहिलं होतं, श्रीराम. लिहायला नको होतं, असं आता वाटतंय."

गाडीत शुभा रडत होती. मला वाटलं, लाजेने.

२३ सप्टेंबर

जज्ज बाई होत्या. सौम्य आवाज. टेबलावर कागद. समोरून मी उलटे पाहिले, तरी ओळखले. माझं अक्षर. या वहीतल्या मे-जूनच्या पानांची झेरॉक्स.

शेजारी इंग्रजी भाषांतर, हाताने लिहिलेलं. तेही अक्षर ओळखलं. किराणाच्या यादीत रोज बघतो.

त्यांनी वाचलं. "सहा दहा. तो गवत कापत होता. पाठ माझ्याकडे." स्वतःचं लिहिलेलं इंग्रजीत ऐकताना वाटलं, हा कोण माणूस? याला कुणी अडवा. "हे आपण लिहिलं आहे?" होय. "हा गृहस्थ कोण?" उत्तर दिलं नाही. म्हणाल्या, नाव नसतानाही मला एवढं पुरेसं आहे. अर्ज नामंजूर. तुम्ही कुणाशी तरी बोला. मी तुमच्या पत्नीच्या जागी असते तर मला हे जमलं नसतं.

बाहेर पार्किंगमध्ये शुभा गाडीत बसून होती. किल्ली लावलेली, इंजिन बंद.

"मला विचारलं का नाहीस?"

"विचारलं. दर वेळी तुम्ही इन्व्हेंटरी म्हणालात."

"वही वाचलीस तू!"

"इतक्या वर्षांत कधी हात लावला नव्हता. तुम्ही झोपेत ओरडायला लागलात. 'बस, गुडघ्यावर बस.' मला वाटलं, तुम्ही मला म्हणताय." मग म्हणाली, "घर सोडून जाणार असाल तर जा. पण त्या पोराला मारून तुरुंगात जाऊ नका. मी तिथे येणार नाही भेटायला."

घरापर्यंत गाडी तिने चालवली.

२४ सप्टेंबर

ही वही आता कुठे ठेवू? दुकानात डोना. घरात ती. नवरा-बायकोत खाजगी काही उरलं नाही.

५ ऑक्टोबर

बारा दिवस आम्ही मीठ, दूध, बिल एवढंच बोलतो. टॉडकडे जात नाही. सहा वाजले की हात आपोआप किल्लीकडे जातो, तो मागे घेतो.

हेमचंद्रला फोन केला. काय बोलायचं ते ठरवलं नव्हतं. तोच म्हणाला, "झोप लागते का?" म्हटलं, नाही. फेब्रुवारीपासून नाही. पहिल्यांदाच खरं सांगितलं. थोपटल्याचंही सांगितलं. त्याने एका डॉक्टरचं नाव दिलं. "गोळ्या देणारा नाही, बोलणारा आहे. तू जा. शुभालाही सांग हे, ती बायको आहे तुझी."

सांगितलं. रात्री, पानं वाढून झाल्यावर. ती माझ्या डोक्याला हात लावायला आली आणि थबकली. लावू का, असं डोळ्यांनी विचारलं. म्हटलं, लाव.

१२ ऑक्टोबर, मंगळवार

डिटेक्टिव्ह दुकानात आला. पकडला. शेजारच्या काउंटीत तिसऱ्या दुकानात, रंगेहाथ. त्याच्या घरी माझ्या दुकानातल्या बाटल्या सापडल्या, कबुलीही दिली. फोटो दाखवला. बावीस-तेवीसचा, सोनेरी केस, कधी पाहिलेला नाही. दुकानात कधी आलेला नाही.

टॉड नाही.

डिटेक्टिव्ह गेल्यावर मागच्या खोलीत जाऊन खोक्यावर बसलो. चाळीस फूट. मेमध्ये लायसन हातात असतं तर? डोनाने पाणी आणून दिलं. काही विचारलं नाही. तिचा राग आला नाही आज.

घरी जाऊन शुभासमोर उभा राहिलो. "भाषांतर चांगलं केलं होतंस," एवढंच म्हणालो. ती हसली आणि मग बराच वेळ रडली.

१६ ऑक्टोबर, शनिवार

टॉड आला, आईचं इन्सुलिन न्यायला. मला त्याच्याकडे बघवेना. पिशवी हातात दिली तरी तो जाईना. म्हणाला, "एक विचारायचं होतं. आई दिवसभर खिडकीशी बसून असते, पाय नाहीत तिला. संध्याकाळी तुमची गाडी आमच्या घरासमोर थांबायची ना? ती सगळ्यांना सांगते, माझा फार्मसिस्ट बघ, घरी जाताना मला बघून जातो. गेले तीन आठवडे आला नाहीत, तर काळजी करतेय. म्हणते, त्यांना विचार, माझ्याकडून काही चुकलं का?"