काठीच्या शेंड्याकडं बघून

५ डिसें.
यात्रेचा सराव सुरू. ऑफिसातून थेट गेलो. नंदीध्वजाची उंच, जड काठी कमरेच्या पट्ट्यात रोवायचं माझं हे तेरावं वर्ष. काठी अजून पेलते का बघत होतो, पेलली. पण चौकात वळताना डावा पाय कुठं पडला कळलंच नाही. धाकट्या भावानं, मल्लूनं, खांदा धरला म्हणून सावरलो. "अण्णा, काय झालं?" खड्डा होता म्हणालो. खड्डा नव्हता.

९ डिसें.
सकाळी तोंडाला साबण लावला, डोळे मिटले आणि थेट बाथरूमच्या भिंतीवर. कपाळाला टेंगूळ. कस्तुरी धावत आली. परवा बाजारातून येताना चप्पल वाटेत गळाली, तेही हिनंच मागून ओरडून सांगितलं. मला पत्ता नाही. डॉक्टरकडं चला म्हणते बायको. जाऊ.

११ डिसें.
डॉ. बाई पोरसवदा, पण पक्क्या. पायाच्या आंगठ्यावर कसलासा थरथरता चिमटा. "जाणवतंय का?" मी म्हटलं, टेकवा की आधी. बाईंनी खाली बोट दाखवलं. टेकवलेलाच होता.
मग उभं करून डोळे मिटायला लावले. लगेच तोल गेला, कंपाउंडरनं धरलं. साखरेनं पायाच्या नसा गेल्यात. पाय कुठं आहे ते डोक्याला कळत नाही. "तुम्ही पायांनी नाही, डोळ्यांनी चालताय काका. नजर जमिनीवर ठेवा. अनवाणी तर अजिबात नको."
नजर जमिनीवर! काठी उचलणाऱ्यानं अनवाणी चालायचं आणि बघायचं वर, शेंड्याकडं. खाली बघितलं की काठी गेली.
गोळ्या चुकवल्या त्या मी, मान्य. पण पायांनी एकदा तरी सांगायचं. दुखले असते तर ऐकलं असतं. न दुखता, न बोलता फितूर झाले.
कस्तुरीला बजावलं, शब्द घराबाहेर जाता कामा नये. यात्रा झाली की बघू काय ते.

१८ डिसें.
चार दिवस एक युक्ती चालू होती. वर बघायचं, मधेच पटकन खाली. सराव घेणाऱ्या मास्तरांच्या ध्यानात येऊ द्यायचं नाही.
आज काठी कलली. मल्लू आणि दोघांनी झेलली. पुढं शेंगा विकणारी बाई बसली होती, तिच्या पाटीपासून हातभर. बाईनं पाटी मागं ओढून घेतली.
मास्तर एवढंच म्हणाले, "साकु." कानडीत, बस झालं. आजच्यापुरतं बस, असं मी धरून चाललोय.

२२ डिसें.
आजच्यापुरतं नव्हतं. मास्तरांनी घरी बोलावलं, चहा दिला. "शिवा, पायाचं तू सांगायचं हुतं मला." कुणी सांगितलं? "तुझ्या भावानं." मग यंदा काठी कुणाकडं? तर तीही भावाकडंच.
घरी येऊन कस्तुरीला विचारलं. रडायला लागली. "मीच सांगितलं भाऊजींना. लोकांवर पडली असती म्हंजे?"
म्हणजे बायकोनं फोडायचं, भावानं पोचवायचं, आणि काठी मिळायची त्यालाच. पायांचं काय घेऊन बसलोय मी.
जेवलो नाही.

२३ डिसें.
मल्लू आला. दारातच उभा.
"आधी माझ्याकडं का आला नाहीस?"
"दोनदा आलतो की अण्णा. तू गप बस म्हणालास."
खरं आहे. म्हणालो होतो. पण मग काठी मी उचलतो, असं कशाला म्हणालास? दुसरा कुणी नव्हता?
"मास्तर म्हणाले." नजरेला नजर देईना.
दार लावून घेतलं.

४ जाने.
सरावाकडं फिरकणार नाही असं घरी सांगितलंय. गेलो होतो. बूट घालून, खाली बघत, कोपऱ्यावर उभा राहिलो. मल्लू वळताना घाई करतो. शेंडा सोडून लोकांकडं बघतो. गुडघे ताठ. कुणीतरी सांगायला पाहिजे त्याला. मी नाही सांगणार. का सांगू?
येताना भिंती धरत आलो.

९ जाने.
डॉ. बाईंना विचारलं, परत येतील का नसा. साखर आवरली तर आणखी बिघडणार नाही, एवढंच म्हणू शकते म्हणाल्या.
मल्लूचा फोन तीनदा. घेतला नाही.

१३ जाने.
आज अक्षता, देवाचं लग्न. भोगीपण. कस्तुरी पहाटेपासून बाजरीच्या भाकरी थापतेय. माझी यात्रेची पांढरी बाराबंदी इस्त्री करून खुर्चीवर ठेवलेली. सांगितलं नव्हतं कुणी. घातली.
आठला मल्लू आला. तोही बाराबंदीत, हातात कमरेचा पट्टा, माझाच. "तू बांध अण्णा." इतकी वर्षं हा मला बांधायचा. बांधला. पट्टा ढिला राहिला तर काठी सरकते. देवाशप्पथ, क्षणभर वाटलं, राहू दे ढिला. मग सोडून परत आवळला.
पाया पडायला वाकला. मी दारातून बघत होतो, रस्त्यानं पांढरे कपडे घातलेली माणसं चालली होती. बराच वेळ झाला तरी हा उठेना, म्हणून खाली बघितलं. दोन्ही हात माझ्या पावलांवर, घट्ट धरलेले. कधीपासून होते देव जाणे. मला काहीच लागलं नव्हतं.
अशा वेळी पाठीवर हात ठेवायचा असतो.
बाहेरून हाक आली म्हणून तो उठला. माझा हात अजून दाराच्या चौकटीवरच होता.