गांडुळांचा मेटाडेटा

३ मार्च
निश्चय झाला. हिच्या निबंधांची यादी टाइप करणार नाही.

हिच्या बढतीची मुलाखत २४ तारखेला. समितीला सगळ्या शोधनिबंधांची यादी हवी. एकोणीस निबंध, सगळे गांडुळांवर. ही म्हणाली, माझे डोळे दुखतायत, नव्या चष्म्याला आठवडा आहे, तेवढी यादी टाइप करून दे, अर्ध्या तासाचं काम. मी म्हणालो, टाइप करणं हे कारकुनी काम झालं. मी आपल्या संस्थेच्या ग्रंथालयात वेबसाइट सांभाळतो. मी अशी व्यवस्था करतो की यादी आपली आपण तयार होईल.

ही म्हणाली, बरं. तिच्या 'बरं'चे चार अर्थ असतात. हा चांगल्यांपैकी असावा.

४ मार्च
कल्पना लिहून ठेवतो. उद्या मीच विसरायचो.

संस्थेच्या वेबसाइटवर हिचं पान आहे. त्यावर निबंधांची नुसती नावं. ती माणसांसाठी. यंत्राला त्यातलं ओ की ठो कळत नाही. लेखक कोण आणि गांडूळ कोण, त्याला सारखंच. म्हणून प्रत्येक नावाच्या पोटात एक अदृश्य ओळ ठेवायची: लेखक, शीर्षक, वर्ष, नियतकालिक, पान नंबर. हाच मेटाडेटा. मग समितीच्या क्लार्कने ब्राउझरमधलं एक बटण दाबायचं, की अख्खी यादी नीट मांडून त्याच्यासमोर हजर.

आमच्या संस्थेत हे आजवर कुणी केलेलं नाही. का केलेलं नाही, आश्चर्यच आहे.

७ मार्च
मेहुणा आला होता. हिचा धाकटा भाऊ, सॉफ्टवेअर कंपनीत आहे. कौतुकाने सगळं समजावलं. म्हणाला, पण भाऊजी, त्या अदृश्य ओळी तुम्ही हातानेच लिहिणार ना? मग एकोणीस निबंध टाइपच करताय की. वर कंस नि अवतरणचिन्हं वेगळी.

मी चहाचं विचारलं. तरुण पिढीला दूरदृष्टी नाही.

१० मार्च
पहिली ओळ ठेवली. सेव्ह केलं. बटण दाबलं. काही नाही. आत जाऊन बघतो तर ओळच गायब! पुन्हा ठेवली, पुन्हा गायब.

संध्याकाळी उलगडा झाला. वेबसाइटचा मजकूर भरायचा जो एडिटर प्रोग्रॅम आहे, त्याला कुठे रिकामी जागा दिसली की तो कचरा समजून झाडून टाकतो. अदृश्य ओळ त्याला रिकामीच वाटणार. दिवसभर मी ठेवतोय, तो झाडतोय. इतकी स्वच्छता आमच्या कँटीनमध्ये असती तर!

११ मार्च
हिने विचारलं, कुठवर आलं? पान दाखवलं. म्हणाली, काहीच बदललेलं दिसत नाहीये. मी म्हणालो, तेच तर कौशल्य आहे! ती बराच वेळ पानाकडे बघत राहिली. मग माझ्याकडे.

१४ मार्च
जमलं!! अदृश्य ओळीत एक टिंब घालायचं. एडिटरला वाटतं आत काहीतरी आहे, तो हात लावत नाही. टिंबाएवढी युक्ती, पण सुचायला डोकं लागतं. मेहुण्याला फोन केला. म्हणाला, हो, हेच सांगायला परवापासून फोन करतोय, तुम्ही उचलत नव्हता. हल्ली प्रत्येकाला श्रेय हवं असतं.

चाचणीसाठी माझाच लेख घेतला. 'कसर लागलेली पुस्तके: एक अनुभव'. ग्रंथालयाच्या वार्तापत्रात आला होता. बटण दाबलं आणि स्क्रीनवर माझं नाव, शीर्षक, वर्ष, सगळं रांगेत. हिला बोलावून दाखवलं. म्हणाली, छान. आता माझे?

१७ मार्च
वेग जबरदस्त. माझ्या लेखाची ओळ हा साचा. कॉपी करायची, शीर्षक बदलायचं, वर्ष, नियतकालिक, पान नंबर बदलायचे, पुढे. जेवणाच्या सुट्टीआधी एकोणीसच्या एकोणीस पोटात गेले. समितीच्या क्लार्कला सांगून आलो, कागद मागू नका, बटण दाबा.

मेहुणा म्हणाला, एकदा मी बघून घेऊ का? नको म्हटलं. ही म्हणाली, हाताशी असावी म्हणून छापील यादीही देऊ या का? मी फक्त दुखावलो. तिने माझा चेहरा बघितला आणि राहू दे म्हणाली. मनाने मोठी आहे.

२४ मार्च
ही लवकर परत आली. दारातच म्हणाली, अहो.

एरवी आमचं अरेतुरे. 'अहो' म्हणजे प्रकरण गंभीर.

झालं ते असं. क्लार्कने बटण दाबलं. यादी आली. संचालकांनी ती समितीसमोर मोठ्याने वाचली. एकोणीस निबंध, लेखक मी. एकूण एक. वर ते हिला म्हणाले, बाई, तुमच्या यजमानांचा गांडुळांवरचा अभ्यास दांडगा दिसतो, पण मुलाखत तुमची आहे. तुमचं लेखन कुठे आहे? सगळे हसले. हिने क्लार्ककडून कोरा कागद मागून घेतला आणि एकोणीसही नावं, वर्षांसकट, तिथेच लिहून दिली. कान लाल झाले होते म्हणाली.

साच्यातलं लेखकाचं नाव बदलायचं राहिलं. एवढंच. तांत्रिकदृष्ट्या बटण निर्दोष चाललं. हे तिला सांगायला गेलो, पण ती आत जाऊन दार लावून बसली होती.

२७ मार्च
बढती मिळाली! म्हणजे निकाल माझ्या बाजूनेच लागला, असं मी म्हणालो. ही म्हणाली, त्यांना माझं काम आधीपासून माहीत होतं, म्हणून मिळाली. आणि पुढे म्हणाली, पण त्या खोलीत सगळे हसत असताना मला काय वाटलं, ते तू अजून विचारलेलं नाहीस.

विचारणार होतोच. योग्य वेळ बघत होतो.

२९ मार्च
नवीन कटकट. मेहुणा म्हणतो, आपल्या पानावरची माहिती एव्हाना दुसऱ्या दोन साइटनी उचलली. तिथेही गांडुळं माझ्याच नावावर. एका विद्यार्थ्याची मला ईमेल आली आहे: सर, कोरड्या मातीत ती किती खोल जातात? मला काय ठाऊक! हिला विचारावं तर ती माझ्याशी फक्त किराण्याबद्दल बोलते.

३० मार्च
दुरुस्ती सुरू. मेहुणा शेजारी बसलाय. तो नसताना त्या पानाला हात लावायचा नाही, असा हिचा हुकूम.

हिचं नाव नेमकं कसं छापलंय ते बघायला कपाटातून पहिला निबंध काढला. बारा वर्षांपूर्वीचा. मी आजवर मथळ्याच्या पुढे गेलो नव्हतो. आज सहज शेवटचं पान उघडलं. आभार. आधी प्रयोगशाळेचे, मग मातीचे नमुने देणाऱ्यांचे, आणि अखेरीस: माझ्या कामात कधीही लुडबुड न करणाऱ्या माझ्या पतीचे मनःपूर्वक आभार.

मेहुण्यानेही वाचलं. खाली मान घालून कीबोर्ड पुसत राहिला.

मी विचारलं, छापलेलं बदलता येतं का रे? म्हणाला, नाही भाऊजी. ते आता तसंच राहणार.