एकोणचाळीस रेषांचा दगड

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार. (यातून गुडघे तेवढे वगळावेत. ते रविवारपासून संपावर आहेत.) तुझा गुडघा काय म्हणतोय? टाके निघाले का? इमारतीचा पंप दुरुस्त झाला, की अजून तळमजल्यावरच्या नळाचं पाणी तिसऱ्या मजल्यावर चढवावं लागतंय? शेजारची शिवणवाली रोज दोन बादल्या आणून देते, असं तू लिहिलंस. माणुसकी अजून शिल्लक आहे हे वाचून मी सद्गदित झालो आणि पत्र घडी करून ठेवून दिलं. त्याच पत्राच्या शेवटी 'तुला चार दिवस यायला जमेल का' असंही होतं, आणि त्याआधीच्या दोन पत्रांतही होतं, हे माझ्या नजरेतून सुटलेलं नाही. पण कामाचा रेटा असा की उत्तर द्यायचं राहूनच गेलं. असो.

आता मुख्य विषय. माझ्यावर अन्याय झाला आहे. गेल्या रविवारी मला, वय वर्षं चोपन्न, दोन वेळा सोसायटीचा चिटणीस, अशा माणसाला, भर लोकांत, हनुवटीखाली इलॅस्टिक असलेली पिवळी टोपी घालायला लावण्यात आली. इलॅस्टिक, ताई. बालवाडीत असतं तसं. टोपीवर काळ्या रंगात अकरा आकडा. इलॅस्टिक सैल करता येतं का, असं मी नम्रपणे विचारलं (तुझी भावजय म्हणते नम्रपणे नव्हतं), तर सैल केलं की टोपी माकडं नेतात, असं उत्तर मिळालं. परिणामी माझे दोन्ही गाल कुकरमधून काढलेल्या बटाट्यांसारखे वर आले आणि डोळे त्यांच्या मागे गेले. हे नीट लक्षात ठेव, पुढचा सगळा अनर्थ या गालांमुळे झाला.

हे घडलं राष्ट्रीय उद्यानात. वाटाड्याबरोबर पायी फिरून निसर्ग आणि इतिहास बघायचा, अशी तिथे एक सहल असते. तुझ्या भावजयीने माझं नाव परस्पर नोंदवलं, स्वतःचं नोंदवलं नाही, यातच काय ते आलं. हे उद्यान म्हणजे आपली जुनी खाण. होय, तीच. बाबा जिथे हजेरी मास्तर होते, आणि आपण जिथल्या पत्र्याच्या खोल्यांत वाढलो, ती. खाण बंद पडली, माणसं उठली, झाडांनी जागा बळकावली आणि पंचेचाळीस वर्षांत सरकारने तिला निसर्ग म्हणून मान्यता दिली. पण फाटक आता पलीकडच्या बाजूला झालंय आणि जंगल इतकं माजलंय की निम्मी वाट संपेपर्यंत मला काही म्हणता काही ओळखू आलं नाही.

आमच्या वाटाड्या एक बाई होत्या. निवृत्त भूगोल शिक्षिका, साठीच्या, शिडशिडीत, गळ्यात शिट्टी. मी मनात त्यांचं नाव शिट्टीबाई ठेवलं. त्यांची पद्धत अशी, की प्रत्येक थांब्यावर शिट्टी वाजली की टोप्यांनी क्रमाने आपापला आकडा ओरडायचा. एखादा आकडा आला नाही तर सगळ्यांनी मागे फिरून त्याला शोधायचं, मगच पुढे. मी पहिल्या थांब्यावर बाणेदारपणे गप्प राहिलो. तर सगळे पाऊण मैल मागे चालत गेले, मीही त्यांच्याबरोबर गेलो, आणि तिथे कुणीतरी माझी टोपी वाचली. त्यानंतर मी 'अकरा' इतक्या खणखणीत आवाजात म्हणू लागलो, की पाखरं उडत.

रांगेच्या शेवटी बिनटोपीचे एक गृहस्थ वही घेऊन चालत होते. ते उद्यानाचे अधीक्षक. माझ्यापुढे दहा नंबरच्या दातांच्या डॉक्टरीणबाई होत्या, त्यांनी मला हळूच आतली गोष्ट सांगितली. ही पायी सहल बंद करायचं घाटतंय. लोकांना जीपमधून फिरायला आवडतं. चालायला कोण येतं? अधीक्षक आज बघून ठरवणार. सहल गेली की शिट्टीबाईही गेल्या. बाईंना हे ठाऊक होतं. म्हणूनच त्या एकेका वारुळापुढे, घरची मुलगी दाखवत असल्यासारख्या, 'आमचं हे वारूळ सात फुटी आहे, स्वभावाने शांत आहे' अशा थाटात बोलत होत्या, आणि दर वाक्याला वहीकडे बघत होत्या. वहीत काही पडत नव्हतं.

शेवटचा थांबा म्हणजे त्यांचा हुकमी एक्का. झाडीतून वळण घेतलं आणि समोर एक कमरेएवढा काळा दगड आला. बाईंनी शिट्टी वाजवली नाही. आवाज खाली आणला. या दगडावर एकोणचाळीस रेषा आहेत, त्या म्हणाल्या. मी दोन वर्षं मोजते आहे. हा आदिमानवाच्या शिकारीचा हिशेब असावा, किंवा चंद्राच्या कलांचा. खालच्या रेषा खोल आणि वरच्या उथळ आहेत, म्हणजे कोरणाऱ्याचं वय झालं असावं, हात थकला असावा. इथे फलक लावायचा आहे, मजकूर तयार आहे, साहेबांची सही झाली की रंगारी उद्या येईल. अधीक्षकांनी पहिल्यांदा पेन उघडलं.

ताई, मी तो दगड ओळखला. कोरणाऱ्याचा हात थकला नव्हता. छिन्नी बोथट झाली होती. बाबांनी ती काढून घेतली आणि तू खिळ्यावर आलीस.

झऱ्यावरून पाण्याचा डबा आणायच्या आपल्या पाळ्या आठवतात ना? एक दिवस तू, एक दिवस मी. माझी पाळी आली की माझं पोट दुखायचं, पायात काटा जायचा, नाहीतर मला एकाएकी अभ्यासाची ओढ लागायची. मग माझा डबाही तूच आणायचीस, वाटेतल्या दगडावर एक रेघ मारायचीस आणि म्हणायचीस, "मोठा झालास की फेडशील." मीही म्हणायचो, फेडीन. त्याला खर्च काय होता?

मी तोंड शिवून घ्यायचं ठरवलं. (हसू नकोस. मलाही जमतं कधीकधी.) त्या बाईंची दोन वर्षं आणि नोकरी एका तागडीत, माझं खरं दुसऱ्या तागडीत; आणि माझं खरं आजवर कुणाच्या उपयोगी पडलंय? पण बाई तेवढ्यावर थांबल्या नाहीत. त्यांनी दगडाच्या कोपऱ्यातलं शेवाळ बाजूला केलं आणि म्हणाल्या, "आणि हे कोरणाऱ्याचं दैवत. वानरमुख. फुगलेले गाल, बारीक डोळे, चेहऱ्यावर एक प्रकारचा आदिम निर्बुद्धपणा. तोंडाच्या कडेने काहीतरी लोंबतंय, ते बहुधा फळाचा गर असावा."

डॉक्टरीणबाई खाली वाकल्या. जबड्यांचा त्यांचा अभ्यास रोजचा. त्यांनी दगडाकडे बघितलं, मग वळून माझ्याकडे बघितलं, पुन्हा दगडाकडे. "अकरा नंबर," त्या म्हणाल्या, "जरा इकडे बाजूने उभे राहा बघू."

मी राहिलो. काय करणार? टोपी होती, इलॅस्टिक होतं, गाल होते. एक नंबरपासून तेरा नंबरपर्यंत सगळ्यांनी त्या दैवताचं दर्शन एकदा दगडात आणि एकदा सदेह घेतलं. मग अधीक्षकांनी पेन मिटून विचारलं, "तुमचं कुणी इथे राहत होतं का हो?" आणि मी सगळं सांगून टाकलं. डबा, पाळ्या, छिन्नी, तू.

कुणी हसलं नाही, तेच वाईट झालं. शिट्टीबाई थोडा वेळ त्या रेषांवरून बोट फिरवत राहिल्या. मग सरळ झाल्या आणि वहीकडे बघून म्हणाल्या, "लिहून घ्या साहेब. माझं चुकलं. फलक नको." एवढंच. एक सबब नाही, ताई. मी चोपन्न वर्षांत असं एक वाक्य बोललेलो नाही, हे मला तिथे उभ्याउभ्या, इलॅस्टिकसकट, जाणवलं.

मग त्यांनी मला विचारलं, की पाळी होती तर झरा कुठे होता? जुन्या नकाशात आहे, पण त्यांना दोन वर्षांत सापडला नव्हता. डोक्याला नाही, पण पायांना ठाऊक होतं. दगडापासून डावीकडे, उतार, दोन कातळांमधली फट. (ज्याने पाणी आणलंच नाही त्याला वाट कशी ठाऊक, असं तू म्हणशील. तुझ्या मागेमागे यायचो की, गप्पा मारायला.) वर नेच्यांचं रान माजलेलं, खाली पाणी तसंच, बोटभर धारेचं. आपल्या पायऱ्याही आहेत. कुणी ओंजळी भरल्या, कुणी तोंडावर मारलं. अधीक्षक एका पायरीवर बसले, त्यांनी बूट काढले आणि दोन पानं भरून लिहिलं. उठताना म्हणाले, शिकारी काय, कुठल्याही उद्यानात असतात. भावाने चुकवलेल्या पाण्याचा दगड दुसरा बघितला नाही. सहल चालू ठेवायची शिफारस करतो, फलकही लावू. पण या खेपेला तोंडी चालणार नाही. ज्याने कोरलं त्याच्या सहीचं निवेदन हवं: कुणी, कधी, कशासाठी, आणि रेषा किती. महिनाअखेरच्या आत.

तेव्हा सोबत निवेदन लिहून पाठवतो आहे. वाचून सही कर आणि उलट टपाली धाड. शिट्टीबाईंची भाकरी तुझ्या सहीवर अडली आहे.

तुझा,
धाकटा

ता.क. निवेदनात रेषा सदतीस असं घातलंय, त्याचं कारण सांगतो. दर लग्नाकार्यात आपला हा वाद होतो: तू म्हणतेस एकोणचाळीस, मी म्हणतो सदतीस, आणि तुझी भावजय ताटावरून उठून जाते. दगडावर एकोणचाळीस आहेत हे मान्य. मी स्वतः तीनदा मोजल्या, शेवटच्या खेपेला उलट्या बाजूने. पण त्यातल्या शेवटच्या दोन मला गालगुंड झालं होतं तेव्हाच्या आहेत. आजाऱ्याच्या नावावर पाळ्या चढवणं कुठल्या न्यायात बसतं?

ता.क. २. निवेदन दुसरं लिहितो आहे. पहिलं फाडलं. शिट्टीबाईंचं ते 'माझं चुकलं' कानातून जात नाही. गालगुंड मला झालं नव्हतं. बाबांच्या प्रथमोपचाराच्या पेटीतला कापूस मी दोन्ही गालांत कोंबला होता, आणि दोन दिवस आईच्या हातची पेज गिळताना त्यातला निम्मा पोटात गेला. हे आजवर कुणालाही ठाऊक नाही. यात एकोणचाळीस लिहितो.

ता.क. ३. पाकीट चिकटवता चिकटवता लक्षात आलं. वानराच्या तोंडाच्या कडेने लोंबतंय तो फळाचा गर नाही. म्हणजे तुला तेव्हाच ठाऊक होतं. पंचेचाळीस वर्षं, ताई, आणि एका शब्दाने बोलली नाहीस.

पाकीट टपालात टाकत नाही. बुधवारी सकाळच्या गाडीने स्वतःच घेऊन येतो. कचेरीत रजेचा अर्ज दिलाय, एकोणचाळीस दिवसांचा. साहेबांनी विचारलं, हा कसला आकडा? मी म्हटलं, घरचं काम आहे. शिवणवालीला सांग, गुरुवारपासून पाणी आणू नकोस. आणि बादली मोठी काढून ठेव.